शम्मी आहे गं तो

कोचीला बदली झाली तेव्हा मल्याळममधलं मला ओ की ठो कळत नव्हतं. तीन वर्षं राहिले. भाषा शिकले ती निम्मीअधिक जेवणाच्या सुट्टीत, कारण तिथे फिरून फिरून गप्पा सिनेमावरच यायच्या.

एकदा ऑफिसातली एक मुलगी तिच्या होणाऱ्या नवऱ्याबद्दल सांगत होती. लग्नानंतर नोकरीचं काय, असं तिने विचारलं, तर तो गोड हसून म्हणाला, "ते मी बघतो, तू कशाला डोकं शिणवतेस?" शेजारी बसलेल्या चेची, म्हणजे मल्याळममधल्या ताई, माशाचे काटे काढता काढता एवढंच म्हणाल्या, "शम्मी आहे गं तो." सगळ्याजणी गप्प झाल्या. मला काही कळेना. रात्री घरी येऊन 'कुंबळंगी नाइट्स' लावला.

२०१९चा सिनेमा, श्याम पुष्करनने लिहिलेला. शम्मी ही त्यातली फहाद फासिलची भूमिका. आरशासमोर उभा राहून तो मिशी नीट करतो, स्वतःवर खूश होतो. काचेवर एक टिकली चिकटलेली असते. ती तो ब्लेडने खरवडून काढतो. बस, एवढंच. आवाज चढलेला नाही, हात उगारलेला नाही, पण माझ्या अंगावर काटा आला. माणूस टापटीप, घर टापटीप, आणि त्या घरात बायकांना श्वास घ्यायची चोरी. उलट ज्या चार भावांच्या घराला धड दारही नाही, त्यांच्यातला थोरला सजी डॉक्टरकडे जातो आणि त्याच्या खांद्यावर डोकं ठेवून ढसाढसा रडतो. मोठा पुरुष रडतोय आणि कुणी हसत नाही, हे मी पडद्यावर क्वचितच पाहिलंय.

घरातल्या कर्त्या पुरुषाला असं जवळून न्याहाळणं मल्याळम सिनेमात नवीन नाही. अडूर गोपालकृष्णन यांच्या 'एलिप्पत्तायम'मध्ये (१९८१) साधा उंदीर दिसला तरी बहिणींना हाका मारणारा उण्णी आहे, आणि त्याच्यासाठी राबून राबून अंथरुणाला खिळलेली राजम्मा. पण शम्मी हे नाव जसं लोकांच्या तोंडी बसलं, तसं उण्णीचं बसलेलं मी तरी ऐकलं नाही. जे आजवर नुसतं खुपत होतं, त्याला आता नाव मिळालं होतं.

म्हणूनच मल्याळम सिनेमात काम करणाऱ्या बायकांच्या परिस्थितीवरचा हेमा समितीचा अहवाल वाचताना फार त्रास झाला. एका अभिनेत्रीवर अत्याचार झाल्यावर २०१७मध्ये समिती नेमली, अहवाल डिसेंबर २०१९मध्ये सरकारकडे गेला आणि लोकांसमोर आला तो थेट ऑगस्ट २०२४मध्ये. इतकं बारीक बघणाऱ्या या सिनेसृष्टीत कामावर आलेल्या बायकांना लैंगिक छळ सोसावा लागत होता. माझं या सिनेमावर प्रेम आहे, म्हणून राग जास्त येतो.

त्या मुलीने पुढच्याच रविवारी होणाऱ्या नवऱ्याला तो सिनेमा दाखवला. सोमवारी डबा उघडताना ती सांगत होती: टिकलीचा प्रसंग आला तेव्हा तो पडद्याकडे बघत होता आणि ती त्याच्याकडे.