चौदा मात्रांचा हिशोब

जुळे सोलापुरातल्या माझ्या क्लासमध्ये एप्रिलच्या उन्हात तंबोरा टिकत नाही. मिरजेहून आणलेला, पण पंचम दर दहा मिनिटांनी उतरतो. तरी परीक्षेआधी धमार, म्हणजे याच नावाच्या तालात गायची जुनी गायकी, घेतेच. मुलींना ख्याल हवा असतो, धमार नको. त्यात आकडेमोड फार.

धमार १४ मात्रांचा, म्हणजे ठोक्यांचा, विभाग ५-२-३-४. दुगुणीत, म्हणजे दुप्पट लयीत, संपूर्ण ओळ ७ मात्रांत बसते, म्हणून आठव्या मात्रेवर उचलायची, की बरोबर समेवर, म्हणजे पहिल्या मात्रेवर, येते. चौगुणीला साडेतीन मात्रा लागतात, म्हणजे अकरावी मात्रा अर्धी झाल्यावर उचल! काल एक मुलगी सात वेळा चुकली, आठव्यांदा समेवर आली आणि रडलीच. मीही.

अशा वेळी मला गायिका सुमती मुटाटकर आठवतात. ग्वाल्हेरला राजाभैया पूंछवाले, मग लखनौला श्रीकृष्ण रातंजनकर असे त्यांचे गुरू. आकाशवाणीत काम केलं, पुढे दिल्ली विद्यापीठात संगीत शिकवलं, तिथल्या संगीत विद्याशाखेच्या अधिष्ठाता झाल्या. ख्यालाबरोबर ध्रुपद-धमारही त्या गायच्या. १९९९ साली पद्मश्री मिळाली. मला मोठी वाटते ती वेगळीच गोष्ट: गुरूसमोर बसून घेतलेली विद्या विद्यापीठाच्या वर्गात, वेळापत्रकात आणायची आणि स्वतःचं गाणंही सोडायचं नाही. रोज सकाळी रियाज आणि संध्याकाळी पाच बॅचेस केल्या की ते किती अवघड आहे, हे कळतं.

उद्या त्याच मुलीकडून तिगुण घेणार आहे.