आबांचं इमान

आमच्या गल्लीत एक आबा राहतात, लष्कराच्या 2 पॅरामधनं, म्हणजे पॅराशूटनं उतरणाऱ्या पलटणीतनं, रिटायर झालेले. 2 पॅरा म्हणजे मूळची मराठा लाइट इन्फंट्रीची 3री बटालियन, त्यामुळं बेळगावात मराठा सेंटरच्या आसपास या पलटणीची पेन्शनर मंडळी भेटतात. 11 डिसेंबर 1971 ला पूर्व पाकिस्तानात टांगाईलजवळ हीच पलटण पॅराशूटनं उतरली. त्या दिवशी वेगवेगळ्या जातीची विमानं होती, आबांच्या वाट्याला आलं ते डाकोटा. आग्र्याला ट्रेनिंगच्या उड्याही त्याच्यातनंच मारलेल्या, म्हणून त्यांच्या तोंडात विमान म्हणजे डाकोटाच, सांबऱ्याच्या विमानतळावर उतरणारी आजची सगळी त्यांच्या मते "पोरांची".

म्हणून 2018 मध्ये परशुराम नावाच्या डाकोटाची बातमी आली तेव्हा मी धावत त्यांच्याकडं गेलो. एअर फोर्सला डाकोटा परत मिळालं होतं, तेही उडणारं! तेव्हाचे खासदार राजीव चंद्रशेखर यांनी ते 2011 मध्ये भंगारात विकत घेतलं, इंग्लंडात कॉव्हेंट्रीला दुरुस्त करवून घेतलं आणि एअर फोर्सला भेट दिलं, कारण त्यांचे वडील एअर कमोडोर एम. के. चंद्रशेखर स्वतः डाकोटा उडवायचे. ही भेट आधी एकदा नाकारली गेली होती, ती स्वीकारली ती आपल्या शेजारच्या गोव्याचे मनोहर पर्रीकर संरक्षणमंत्री असताना. मग 17 एप्रिल 2018 ला ते इंग्लंडहून निघालं, ताशी अडीचशे-तीनशे किलोमीटरनं, मुक्काम करत करत, वाटेत फ्रान्स, इटली, ग्रीस, जॉर्डन, सौदी, ओमान असं करून 25 तारखेला जामनगरला पोचलं. 4 मे ला हिंडनला ते रीतसर एअर फोर्समध्ये दाखल झालं.

त्याच्या शेपटीवर नंबर लिहिलाय व्हीपी 905. 27 ऑक्टोबर 1947 ला 1 शीख पलटणीचे जवान घेऊन श्रीनगरला उतरलेल्या 12 स्क्वाड्रनच्या डाकोटाचा हा नंबर. हे ते विमान नाही, नुसता नंबर दिलाय, आणि काहीजणांना हे पटत नाही. मला मात्र पटतं. पलटणीत माणसं बदलतात, नंबर तोच राहतो.

डाकोटा हे मूळचं डग्लस कंपनीचं डीसी-3, पहिल्यांदा उडालं 17 डिसेंबर 1935 ला. दोन इंजिनं, प्रत्येकी 14 सिलिंडर, 1200 हॉर्सपॉवर. शेपटीला चाक असल्यामुळं जमिनीवर ते नाक वर करून उभं राहतं, आत शिरलं की पायाखालची जमीन चढाची. आबा सांगतात, अंगावर पॅराशूट आणि वजन घेऊन तो चढ चढायचा, मग दोन्ही बाजूंना भिंतीला पाठ लावून समोरासमोर बसायचं, इंजिनाच्या आवाजात शेजाऱ्याचं बोलणं कळायचं नाही म्हणून सगळं खुणेनंच. उठा, वरच्या तारेला हुक अडकवा, लाल दिवा, हिरवा दिवा, आणि बाहेर.

संग्रहालयात उभी केलेली विमानं मला आवडतात, पण त्यांना आवाज नसतो. मी आबांना मोबाईलवर परशुरामच्या टेकऑफचा व्हिडिओ लावून दिला, त्यांनी चष्मा शोधलाच नाही, मोबाईल सरळ कानाला लावला, जसा फोन आलाय. पुरा व्हिडिओ तसाच ऐकला. दुसऱ्यांदा लावायला सांगितलं, परत कानालाच.

मग म्हणाले, "दार डाव्या अंगाला, मागच्या बाजूलाच हाय न्हवं?"

होय आबा, तिथंच आहे.