हार्टलपूलचं मुंबईकर जहाज: तिथे जाणाऱ्यांसाठी

"लढाऊ जहाज आहे, समुद्री लढायांच्या गोष्टी ऐकायला मिळतील," असं सांगून मला इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्यावरच्या हार्टलपूलला धाडलं. तिथलं एचएमएस ट्रिंकोमाली हे ब्रिटिश आरमाराचं जुनं जहाज एकाही मोठ्या लढाईत उतरलेलं नाही, हे तिथे गेल्यावर कळलं. तरी जा. फक्त लढाई शोधू नका, लाकूड बघा.

इंग्लंडात ओकची टंचाई, म्हणून मलबारी सागवानात मुंबई गोदीत बांधलेलं हे फ्रिगेट, म्हणजे वेगवान शिडाचं लढाऊ जहाज. बांधणारे जमशेटजी बमनजी वाडिया. आराखडे घेऊन निघालेलं ब्रिटिश 'जावा' जहाज १८१२ मध्ये अमेरिकनांनी पकडून जाळलं, मग आराखडे पुन्हा मागवावे लागले. १२ ऑक्टोबर १८१७ ला जहाज पाण्यात उतरलं, तोवर नेपोलियन सेंट हेलेनावर पोचला होता. १८१९ ला पोर्ट्समथ गाठलं आणि १८४५ पर्यंत राखीव म्हणून पडून राहिलं. पुढे वेस्ट इंडीज, पॅसिफिक, मग पोरांना शिकवण्याचं काम. १८९७ मध्ये भंगारात निघालेलं एका हौशी माणसाने वाचवलं. ओकची किती जहाजं एवढी टिकली?

आता खालचा डेक. याबद्दल मला कोणीच सावध केलं नव्हतं. शिड्या जवळजवळ उभ्या, दोन्ही हात मोकळे हवेत, उतरताना तोंड शिडीकडे. तुळया इतक्या खाली की बऱ्यापैकी उंचीच्या माणसाने ताठ उभं राहायचा विचारच सोडावा. कपाळावर टेंगूळ आलंय, लिहितानाही ठणकतंय. पाठीवरची सॅक तिथे नुसती अडचण. गुडघे दुखत असतील तर वरच्या डेकवरून तोफा बघा आणि समाधान माना. आजी-आजोबांना खाली नेऊ नका, मग ते कितीही "मला जमतं" म्हणोत.

स्टेशनवरून टॅक्सी अजिबात नको. माझ्याकडून अंतराच्या मानाने लाजिरवाणे पैसे घेतले, आणि परत येताना तोच रस्ता मी निवांत पायी आलो. विंडचीटर मात्र हवाच. धक्क्यावरचा वारा उन्हाळ्यातही कापतो.

भोवतालची, जुन्या बंदरासारखी उभारलेली दुकानं ठीक आहेत, पोरांना आवडतील. वेळ कमी असेल तर ती सोडा आणि नाळेवरचा, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाचा, पगडीवाला पुतळा बघून घ्या. न्यूकॅसलहून सकाळची गाडी पकडा, दुपारनंतर आलात तर खालचा डेक घाईत उरकावा लागेल आणि टेंगूळ नक्की.