मारी फ्रेड्रिकसन संग्रह: चौथी सीडी आली, जुनी कॅसेट बोलती झाली

मंडळी, रॉक्सेट या स्वीडिश पॉप जोडीची गायिका मारी फ्रेड्रिकसन हिच्या गाण्यांचा मी संग्रह करतोय. या महिन्यात त्यातली दोन कामं मार्गी लागली.

पहिलं, 1991 साली मामेभावाने दिलेली रॉक्सेटच्या 'जॉयराइड' अल्बमची कॅसेट. दोन्ही बाजूंना आवाज दबका यायचा, मध्येच पार बुडायचा. पाचही स्क्रू काढले तेव्हा कळलं, टेप हेडवर दाबून धरणारा फेल्टचा तुकडा, म्हणजे पॅड, सुटून आतच पडला होता. एका टाकाऊ कॅसेटमधली पॅड धरणारी पट्टी पॅडसकट काढून बसवली, प्लेअरचं हेड आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसलं आणि प्ले दाबलं. मारीचा आवाज खणखणीत! लगेच कॉम्प्युटरवर उतरवून घेतला.

दुसरं काम मनाच्या जास्त जवळचं. मारीचा 1992 चा एकटीचा स्वीडिश अल्बम 'देन स्टेंडिगा रेसान' एकदाचा मिळाला. अर्थ 'अखंड प्रवास'. रॉक्सेटची बहुतेक गाजलेली गाणी तिचा रॉक्सेटमधला सहकारी पेर गेसलेने लिहिली, त्यामुळे मारीला लोक फक्त आवाज समजतात. मला ते खटकतं. या अल्बममधले बहुतेक शब्द आणि चाली तिच्याच आहेत. तिच्या 1984 च्या 'हेत विंद' या पहिल्या अल्बमपासून ओळीने ऐकत आलं की गायिकेच्या आतली कवयित्री हळूहळू पुढे येताना दिसते. 1989 चं 'स्पार्वओगा', म्हणजे 'चिमणीचा डोळा', हे गाणं तिने एका टीव्ही मालिकेसाठी लिहिलं. त्याच वर्षी रॉक्सेटचं 'द लुक' अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर होतं! एकीकडे जग जिंकणं चालू आणि दुसरीकडे स्वतःच्या भाषेत इतकं हळवं लिहिणं.

शब्दकोश घेऊन वहीत गाणी उतरवतोय. उच्चारांनी घाम काढलाय. 1986 च्या 'देन हुंदे वोगेन' अल्बमच्या नावाचा अर्थ 'सातवी लाट'. त्या 'हुंदे'तला पहिला आवाज ना आपला 'ह', ना 'श', ना 'ख'. ओठ गोल करून फुंकर घातल्यासारखा. मारी तो इतका सहज घेते की दहा दहा वेळा मागे नेऊन ऐकतो.

स्वीडनच्या स्कोने प्रांतातल्या खेड्यात 1958 साली जन्मलेली ही मुलगी. सात वर्षांची असताना थोरली बहीण मोटार अपघातात गेली. पुढे सप्टेंबर 2002 मध्ये मेंदूत गाठ निघाली. उजव्या डोळ्याची दृष्टी गेली, वाचता येईना, आकडे जुळेनात. त्या काळात ती कोळशाने चित्रं काढू लागली आणि नवरा मिकाएल बोलयोस याच्यासोबत 'द चेंज' रेकॉर्ड केला. तो 2004 मध्ये आला. 2009 मध्ये ती परत रंगमंचावर आली आणि 2016 पर्यंत गात राहिली. शेवटच्या दौऱ्यांत बसून गायची. 9 डिसेंबर 2019 ला ती गेली.

आता 1996 चा 'ई एन तीद सोम वोर', 'द चेंज' आणि 2013 चा 'नू!' हवे आहेत. गाण्यांच्या पुस्तिकेसकट कुणाकडे असतील तर कळवा. माझ्याकडे 'जॉयराइड'ची एक जादा कॅसेट आहे, पॅड शाबूत असलेली, अदलाबदल करू.