छापखान्यातून कॅमेऱ्यापर्यंत: दादासाहेब फाळके नावाचा कारागीर

तिरंगी ब्लॉकची छपाई शिकणाऱ्याला पहिल्याच आठवड्यात एक धडा मिळतो. पिवळा, लाल, निळा असे तीन ठसे एकाच कागदावर एकापाठोपाठ एक बसवायचे असतात. त्यातला एक जरी केसभर सरकला, तर लक्ष्मीचे ओठ गालावर उतरतात आणि कमळाला भलतीच किनार फुटते. छापखान्यात याला 'रजिस्टर जुळणं' म्हणतात. धुंडिराज गोविंद फाळके हे काम रतलामला शिकले. पुढे लोणावळ्यात त्यांनी रविवर्मा प्रेससाठी फोटोलिथोचं, म्हणजे फोटोवरून छपाईचे ठसे उठवण्याचं काम केलं, दादरला 'लक्ष्मी आर्ट प्रिंटिंग वर्क्स' काढलं आणि १९०९ मध्ये रंगीत छपाईच्या यंत्रासाठी जर्मनीला जाऊन आले.

त्यांच्या चरित्रांत हा सगळा काळ 'चित्रपटाआधीचे उद्योग' म्हणून थोडक्यात उरकला जातो. त्यात धरसोड दिसते: मुंबईचं जे. जे. कलाविद्यालय, बडोद्याचं कलाभवन, गोध्र्याचा फोटो स्टुडिओ, पुरातत्त्व खात्यातली नोकरी, 'प्रोफेसर केळफा' या उलट्या नावाने केलेले जादूचे प्रयोग, मग छापखाना. पण १९१३ नंतरचं त्यांचं काम हाताच्या अंगाने पाहिलं, की यातला एकही धंदा वाया गेलेला दिसत नाही.

सुरुवात वाटाण्यापासून करू. फेब्रुवारी १९१२ मध्ये फाळके लंडनला गेले. तिथे सेसिल हेपवर्थ यांचा स्टुडिओ पाहिला, ५० पौंडांना विल्यमसन कॅमेरा घेतला, फितीला छिद्रं पाडायचं यंत्र घेतलं, कोडॅकच्या कोऱ्या फितीची मागणी नोंदवली आणि १ एप्रिलला परतले. भांडवलदारांना खात्री पटावी म्हणून त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि तो उगवताना टिपला. 'अंकुराची वाढ' ही ती लहानशी फिल्म. महिनाभर रोज एक चौकट (फ्रेम) घेतली आणि मिनिटभराची फिल्म झाली, असं बहुतेक ठिकाणी लिहिलेलं असतं. हे गणित बसत नाही. तेव्हाचा वेग सेकंदाला साधारण १६ चौकटी. रोज एक चौकट घेतली तर महिन्याच्या होतात ३०, म्हणजे पडद्यावर जेमतेम २ सेकंद. एका मिनिटाला ९६० चौकटी लागतात, म्हणजे महिनाभर रोज ३२. त्या एकदम घेतल्या तर रोप २ सेकंद निश्चल राहील आणि मग टुणकन उडी मारेल. सकाळी ७ ते संध्याकाळी साडेपाच, दर २० मिनिटांना एक, अशा घेतल्या तरच वाढ सलग दिसेल. या दिवसभरात कुंडी हलता कामा नये, पाणी घालताना रोपाला धक्का लागता कामा नये आणि उन्हाप्रमाणे भिंगाचं तोंड लहानमोठं करत राहायला हवं. नाहीतर चित्र लुकलुकतं. ज्याने हे पार पाडलं, त्याला सावकाराने पैसे दिले यात नवल नाही.

आता 'राजा हरिश्चंद्र' (१९१३), फाळक्यांचा पहिला चित्रपट. लांबी ३,७०० फूट, रिळं चार, चित्रीकरणाला लागले ६ महिने २७ दिवस. बरेचदा 'चाळीस मिनिटांचा चित्रपट' असं छापलेलं दिसतं. ते आजच्या २४ चौकटींच्या वेगाने केलेलं गणित आहे. पस्तीस मिलिमीटरच्या एका फुटात १६ चौकटी असतात, म्हणजे सेकंदाला १६ च्या वेगाने एका सेकंदाला एक फूट फीत जाते आणि ३,७०० फुटांना तासाहून थोडा जास्त वेळ लागतो. हा फरक क्षुल्लक नाही. दीडपट वेगाने पाहिलं की नट बाहुल्यांसारखे हातवारे करतात, आणि आपण म्हणतो की जुना अभिनय भडकच असायचा.

फीत कोरी यायची, म्हणजे अक्षरशः कोरी, कडेला छिद्रंसुद्धा नसायची. एका फुटात एका कडेला ६४, दोन कडांना १२८. ३,७०० फुटांची छिद्रं झाली सुमारे पावणेपाच लाख, आणि यात फुकट गेलेली फीत धरलेली नाही. हे काम अंधाऱ्या खोलीत चालायचं आणि ते सरस्वतीबाई फाळके करत. छिद्रांमधलं अंतर जरा चुकलं की तीच चूक पडद्यावर शेकडो पटींनी मोठी होते. चित्र थरथरतं, चौकट वरखाली सरकते, आणि प्रोजेक्टरचे दात भलत्या जागी बसून फीत फाडतात. म्हणजे पुन्हा रजिस्टरच. छापखान्यात ते कागदाच्या खुणांनी सांभाळायचं, इथे छिद्रांनी.

सरस्वतीबाईंबद्दल 'पतीला साथ दिली' एवढंच लिहिलेलं वाचलं की राग येतो. फितीला छिद्रं पाडणं, रसायनं कालवणं, रात्री फिल्म धुणं, दिवसा उन्हात पांढरी चादर धरून नटांच्या तोंडावर उजेड पाडणं आणि ६०-७० माणसांचा स्वयंपाक, ही सगळी कामं त्यांची. आजच्या श्रेयनामावलीत यासाठी चार-पाच वेगवेगळी नावं लागतील.

फिल्म धुण्याचं काम मुंबईत मुळातच अवघड. फितीवरचा थर जिलेटिनचा असतो. डेव्हलपर, म्हणजे फिल्म धुण्याचं रसायन, १८ ते २० अंशांवर असलं तर काम बिनघोर चालतं. पाणी पंचविशीच्या वर गेलं की जिलेटिन फुगतं आणि मऊ पडतं, कडेने सुटायला लागतं आणि बोट लागलं तरी ओरखडा उठतो. उपाय तीनच: रात्रीचं किंवा पहाटेचं काम, पाण्याभोवती बर्फ आणि तुरटीच्या द्रावणात थर घट्ट करणं. त्यातून ओरखडा राहिला तर तो त्या प्रसंगाच्या प्रत्येक प्रतीवर छापला जातो. निगेटिव्हची ही शिस्त फाळक्यांना नवी नव्हती. गोध्रा, पुरातत्त्व खातं आणि फोटोलिथो अशी वीसेक वर्षं त्यांची काचेच्या निगेटिव्हवर गेली होती. नवी होती ती लांबी.

त्या काळच्या फितीला लाल रंग दिसत नसे. लाल वस्तू काळी उमटायची आणि निळं आकाश पांढरंफटक. म्हणून कुंकू काळं दिसतं, आणि गालांना लाली लावली तर ते खड्ड्यात गेल्यासारखे दिसतात. चेहऱ्याला पांढुरकी, पिवळसर रंगभूषा लागायची. तारामती केली अण्णा साळुंके यांनी. ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात ते काम करत होते. स्त्री-भूमिकेला बाई मिळेना, आणि मिळालेले पुरुष मिशा काढायला तयार होईनात. दाढीचे खुंट त्या फितीवर फार ठळक उमटतात, त्यामुळे मिशीचा हट्ट नुसता मानपानाचा प्रश्न राहत नसे. त्याच वर्षीच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या दोघी पडद्यावर आल्या आणि त्या चित्रपटापुरती ही अडचण सुटली.

फाळक्यांची खरी मजा चमत्कारांच्या दृश्यांत आहे. 'श्रीकृष्णजन्म' (१९१८) मध्ये कंसाचं मुंडकं धडावेगळं होऊन वर तरंगतं आणि परत येऊन बसतं. अशा दृश्याची पद्धत साधारण अशी. मागे काळी मखमल लावायची. कॅमेरा घट्ट आवळायचा. नटाचं डोकं काळ्या कापडाने झाकून फक्त धड टिपायचं आणि कॅमेऱ्याच्या हँडलचे फेरे मोजायचे. एका फेऱ्यात ८ चौकटी, सेकंदाला दोन फेरे. समजा ४० फेरे झाले, म्हणजे ३२० चौकटी, २० सेकंद. मग भिंगाला टोपण लावून फीत बरोबर ४० फेरे मागे न्यायची. आता धड काळ्यात झाकायचं, डोकं उघडं ठेवायचं आणि त्याच फितीवर पुन्हा ४० फेरे.

यात बिघडतं काय? मखमलीवर ऊन तिरकं पडलं तर ती करडी उमटते आणि मुंडक्याभोवती धुरकट डाग दिसतो. एक फेरा चुकला तर अर्ध्या सेकंदाचा घोळ होतो, धड दचकण्याआधीच डोकं उडतं. तिवई रेसभर हलली तर मान खांद्यावर बसते. टोपण लावायला विसरलं तर सगळंच गेलं, आणि ते कळतं रात्री फिल्म धुताना, नट घरी गेल्यावर. एकाच जागेवर दोनदा ठसा उठवायचा आणि दोन्ही जुळवायचे, हे तिरंगी ब्लॉकवाल्याचंच काम. काळ्यासमोर काळं दिसत नाही, ही युक्ती जादूगाराची. केळफा आणि लक्ष्मी आर्ट प्रिंटिंग या एका दृश्यात एकत्र आलेले आहेत.

देव अचानक प्रकट होतो ती युक्ती याहून सोपी: कॅमेरा थांबवायचा, सगळ्यांनी होते तसे स्तब्ध राहायचं, देवाने येऊन उभं राहायचं, पुन्हा हँडल. पण थांबताना आणि सुरू होताना हँडल हळू फिरतं, म्हणून जोडाजवळच्या काही चौकटींवर जास्त उजेड पडतो आणि पडद्यावर झपकन पांढरं चमकतं. त्या चौकटी कापून फीत चिकटवावी लागते. आणि उघड्या आकाशाखाली सेट असला की या थांबण्यात सावल्या सरकतात. बारकाईने पाहणाऱ्याला देवाच्या आधी सावलीची उडी दिसते.

पहिलं महायुद्ध सुरू झाल्यावर पैसा आटला, तेव्हा त्यांनी लहान लहान गमती केल्या. 'आगकाड्यांची मौज' (१९१५) त्यातलीच. एकेक काडी सरकवून चौकटी घ्यायच्या. दर हालचालीला दोन चौकटी धरल्या तरी मिनिटाला ४८० वेळा काड्या हलवाव्या लागतात. खर्च जवळपास शून्य, चिकाटी मात्र अमाप.

लेखक फाळक्यांकडे आपण फारच कमी वळतो. १९१७-१८ मध्ये 'नवयुग' मासिकात त्यांनी भारतीय चित्रपटावर लेखमाला लिहिली. स्वतःच्या धंद्यातल्या कारागिराने मराठीत, मराठी वाचकासाठी लिहिलेलं ते लेखन आहे, आणि सिनेमा शिकणाऱ्या प्रत्येकाने ते आधी वाचावं असं मला मनापासून वाटतं. 'चित्रपट कसे तयार करतात' ही फिल्म त्याच सुमाराची. तिच्या उरलेल्या तुकड्यांत फाळके स्वतः काम करताना दिसतात. पुढे हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी या त्यांच्या चित्रपटसंस्थेतल्या भागीदारांशी बिनसल्यावर ते काशीला गेले आणि तिथे 'रंगभूमी' हे नाटक लिहिलं. परत येऊन पुन्हा चित्रपट केले. 'गंगावतरण' (१९३७) हा त्यांचा एकमेव मूळ बोलपट, कोल्हापूरला केलेला. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला ते वारले.

शंभराच्या आसपास कामातून आज हाती उरलं आहे फार थोडं. त्या वेळची फीत नायट्रेटची. ती झटकन पेट घेते, आणि पेटली नाही तरी दमट हवेत आधी चिकट होते, मग तिची भुकटी होते. 'हरिश्चंद्र'चं पहिलं आणि शेवटचं रीळ पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहे. ती रिळं १९१३ च्या मूळ चित्रपटाची की १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीची, यावर अभ्यासकांत वाद आहे. 'कालियामर्दन' (१९१९) मात्र बराचसा शाबूत आहे.

हे तुकडे यूट्यूबवर मिळतात. हातवारे घाईघाईचे वाटले तर सेटिंगमध्ये जाऊन वेग ०.७५ करा. बरोबर आकडा ०.६७ येतो, पण एवढ्यानेही चालणं-बोलणं माणसांसारखं होतं. 'हरिश्चंद्र'ची सुरुवातीची चौकट तिथेच थांबवून रविवर्म्याच्या राजा-राणी-पुत्राच्या चित्राशेजारी ठेवून पाहा. मग मागच्या रंगवलेल्या पडद्याकडे पाहा, वाऱ्याने तो हलतो का ते. आणि 'कालियामर्दन'च्या आरंभी मंदाकिनी, फाळक्यांची सात वर्षांची मुलगी, नुसते चेहऱ्याचे भाव करून दाखवते आणि मग कृष्ण होते. तिथे तिच्या खांद्यांवर नजर ठेवा.