मलप्रभेची माती आणि मणी कौल

बेळगावहून खानापूर पंचवीस-सव्वीस किलोमीटर. एवढ्या जवळच्या गावाला मुद्दाम जायचं कारण म्हणजे चित्रपट दिग्दर्शक मणी कौल. कुंभारकामावरचा त्यांचा 'माटी मानस' पुन्हा पाहिला आणि कुंभाराच्या अंगणात जाऊन बसावंसं वाटलं.

1980च्या दशकातला हा माहितीपट माहिती सांगायच्या मागे लागत नाही. कॅमेरा मातीवर, हातांवर रेंगाळतो आणि तिथूनच एखादी दंतकथा सुरू होते: पेटत्या आव्यातून वाचलेली मांजरीची पिल्लं, आईचं शिर उडवणारा परशुराम. कौल पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटकांचे विद्यार्थी. पुढे झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे धृपदही शिकले. आलापीत स्वर लावून धरावा तसं दृश्य धरून ठेवायची त्यांची रीत.

खानापूरची माती कुंभारकामासाठी नावाजलेली. खादी-ग्रामोद्योगाची कुंभारकाम शिकवणारी केंद्रीय संस्था इथेच आहे. मी मात्र गावाच्या कडेच्या एका कुंभारमामांकडे दुपारभर बसलो. चाकावरून उतरलेली घागर जाड आणि बिनबुडाची होती. जरा सुकल्यावर मामांनी आतून दगडी गोळा धरला, बाहेरून लाकडी थापी मारत घागर फिरवायला सुरुवात केली. भोक लहान लहान होत गेलं. थापीचा दबका आवाज हळूहळू मोकळा झाला.

"मामा, मधेच थांबलात तर?"

"वाळतंय की ते! मग बूड मिटत न्हाई, चिरतंय."

कौल दृश्य लवकर का कापत नाहीत, ते मला तिथे कळलं. आधीच कापलं तर मातीची ही घाई बघणाऱ्यापर्यंत पोचणारच नाही.

बोलता बोलता सौंदत्तीच्या यल्लम्माचा, म्हणजे परशुरामाच्या आईचा, रेणुकेचा विषय निघाला. रेणुका रोज नदीच्या वाळूची घागर करायची, नागाची चुंबळ करून पाणी आणायची. एके दिवशी मन विचलित झालं आणि घागर काही होईना. मामा हे सांगत होते तेव्हाही थापी चालूच होती. मलप्रभा कणकुंबीला उगम पावते, खानापूरवरून सौंदत्तीकडे जाते. त्यामुळे कथेतली वाळू मामांना परकी नाही. कौलांना दुर्बोध म्हणणाऱ्यांशी माझं इथेच भांडण आहे. काम एका प्रकरणात, कथा दुसऱ्यात आणि मधे तज्ज्ञाची मुलाखत, ही वाटणी माहितीपटवाल्यांनी केलेली. कुंभाराच्या अंगणात ती नव्हती, आणि कौलांनी ती पडद्यावर येऊ दिली नाही.

दुसऱ्या दिवशी सौंदत्ती. भंडाऱ्याने पिवळी झालेली फरशी, चौंडक्याचा नाद, कोल्हापूर-सांगलीकडची माणसं, मराठी-कानडी मिसळलेला 'उदो'चा गजर. एका जोगतिणीच्या डोक्यावर जग, म्हणजे देवीची मूर्ती ठेवलेली टोपली होती आणि तिच्याखाली कापडाची चुंबळ. ही चुंबळ आणि खानापुरात बूड मिटवणारे हात शेजारी शेजारी दाखवले तर रेणुकेच्या कथेला नटी लागणार नाही की खोटा नाग. यल्लम्माला जाणाऱ्यांनी आधी खानापूरचा फेरा करावा, आणि कुंभाराकडे बसायला अख्खी दुपार राखून ठेवावी.