पोर्ट शिकागो: सॅन फ्रान्सिस्को बे एरियातली एक जागा जी कुणी दाखवत नाही

देशातून पाहुणे आले की आपण गोल्डन गेट दाखवतो, नापा फिरवतो, पण कॉनकॉर्डजवळच्या पोर्ट शिकागो मेमोरियलचं नाव इथल्या आपल्या बऱ्याच लोकांनीही ऐकलेलं नसतं. दुसऱ्या महायुद्धात पॅसिफिकच्या लढाईसाठीचा दारूगोळा इथून जहाजांवर चढायचा. चढवणारे सगळे काळे नौसैनिक आणि ऑफिसर झाडून सगळे गोरे. पोरं नेव्हीत भरती झाली लढायला आणि हाती आली हमाली, तीही कसलंही ट्रेनिंग न देता! रेल्वेच्या डब्यातून बॉम्ब फळीवरून घरंगळत खाली यायचे, फुटणार नाहीत म्हणून सांगितलेलं, आणि कुणाची टोळी जास्त माल भरते यावर ऑफिसर लोक आपापसात पैजा लावायचे.

१७ जुलै १९४४ च्या रात्री स्फोट झाला. (मुंबईच्या गोदीत फोर्ट स्टिकिन हे दारूगोळ्याचं जहाज फुटलं त्याला जेमतेम तीन महिने झाले होते.) ३२० माणसं गेली, त्यातले २०२ काळे.

मला खरी चीड येते ती पुढचं वाचून. वाचलेल्या गोऱ्या ऑफिसरांना सुट्टी देऊन घरी पाठवलं, आणि काळ्या पोरांना काय, तर सोबत्यांच्या प्रेतांचे तुकडे गोळा करायचे आणि तीन आठवड्यांत जवळच्याच मेअर आयलंड या नेव्हीच्या तळावर पुन्हा तेच काम! मृतांच्या घरच्यांना ५००० डॉलर द्यायचा प्रस्ताव होता, तर मिसिसिपीचे खासदार जॉन रँकिन आडवे आले, बहुतेक काळेच मेलेत म्हटल्यावर रक्कम कमी करायला लावली.

२५८ जणांनी दारूगोळा भरायला नकार दिला. युद्धकाळात बंडाला मृत्युदंड आहे अशी ॲडमिरलने धमकी दिल्यावर बरेचसे वळले, पण त्यांनाही शिक्षा चुकली नाहीच, आणि जे ५० अडून राहिले त्यांच्यावर बंडाचा खटला. थर्गुड मार्शल, जे पुढे सुप्रीम कोर्टाचे पहिले काळे न्यायाधीश झाले, ते स्वतः खटला बघायला आले होते. निकाल द्यायला ८० मिनिटं लागली म्हणे, पन्नासच्या पन्नास दोषी!

१९४६ च्या जानेवारीत बहुतेकांना सोडलं, पण कपाळावरचा शिक्का तसाच. १९९९ मध्ये क्लिंटननी त्या पन्नासांतल्या फ्रेडी मीक्सना माफी दिली, पण त्यांच्यातल्याच जो स्मॉलसारख्यांनी ती कधी मागितलीच नाही, गुन्हाच केला नाही तर माफी कसली? नेव्हीने सगळ्यांना निर्दोष ठरवलं २०२४ मध्ये, तेव्हा त्या पन्नासांतलं कुणी हयात नव्हतं.

जायचं असेल तर आधी बुकिंग करा, लष्करी तळ आहे, गाडी घेऊन थेट आत सोडत नाहीत.